आत्याची पेटी उघडायला उशीर का झाला

...आणि वर मलाच विचारतात, उशीर का झाला! सरका जरा, बसतो मी. नाही नाही, त्या टोकाला नको, तिथून जिना दिसत नाही आणि जिन्यावरून कोण कोणाच्या कानात काय सांगत उतरतो ते मला बघायचं असतं. हां, इथे ठीक. तुम्हाला सांगतो, तीन वर्षं येतोय मी या कोर्टात, या बाकाचा कुठला पाय लटपटतो ते मला पाठ आहे, तीन वर्षांत कोणी मला पाणी हवंय का म्हणून विचारलं नाही, पण उशीर का झाला हे मात्र दारातल्या शिपायापासून आतल्या न्यायाधीशबाईंपर्यंत सगळ्यांनी विचारून झालंय. तुम्हीही विचारणार. दिसतंय तुमच्या तोंडावर. पण त्याआधी तुम्ही सांगा, तुम्ही इथे कोणाकडून? बंधुराजांकडून नाही ना? ते खिशातून काय डोकावतंय, पेन? लिहून घेताय? बरं, चष्म्याची दांडी आहे. मग ठीक, सांगतो.

आणि हे माझ्या शेजारी मान टाकून बसलेत ना, ते झोपलेले नाहीत, म्हणजे झोपलेत, पण घाबरू नका, ते शिंपीकाका, माझे साक्षीदार, वय वर्षं चौऱ्याऐंशी. त्यांचं पुढे येईल.

तर धंदा माझा कुलूपकिल्लीचा. सव्वीस वर्षं. रस्त्याकडची एक खोली, तिला एक शटर, भिंतभर कोऱ्या किल्ल्या आणि कोपऱ्यात एक लाकडी स्टूल. त्या स्टुलावर माझी आत्या दुपारी येऊन बसायची. घर तिचंच, ती वर राहायची आणि मी खाली कानस घासायचो. यजमान लवकर गेले, मूलबाळ नाही, आणि मी तिच्या सख्ख्या भावाचा मुलगा, शाळेत दिवे लावलेला. तर तिनेच मला एका कारागिराच्या हाताखाली घातलं आणि काम शिकून आलो तेव्हा शटर वर करून म्हणाली, बस इथे, आणि दिवसभर वर येऊन मला त्रास देऊ नकोस. एवढंच. कागद नाही, सही नाही, काही नाही.

आता कुलूपवाला म्हटलं की संशय आलाच. माझ्याकडे माणूस दोनच कारणांनी येतो, एक तर त्याला दुसऱ्याचा संशय असतो म्हणून नवं कुलूप पाहिजे, नाहीतर दुसऱ्याला त्याचा संशय आलेला असतो आणि कुलूप बदललेलं असतं. दिवसभर ही असली माणसं बघायची आणि संध्याकाळी घरी जाऊन भोळं व्हायचं, जमेल का तुम्हाला? आत्या मला शंकेखोरच म्हणायची. "शंकेखोर, चहा घे. हवं तर आधी मी पिऊन दाखवते."

एक दिवस ती खाली आली ती काखेत पेटी घेऊन. लोखंडी पेटी, एवढी, चपलांच्या खोक्याएवढी, आणि तिच्यावर मांजरपाट शिवलेलं, चारी बाजूंनी, पार्सलला शिवतात तसं. म्हणाली, "यात माझं मृत्युपत्र आहे. पेटी तुझ्याकडे, आतल्या कुलपाची किल्ली माझ्या पुतण्याकडे. मी गेल्यावर तुम्ही दोघं आणि माझी नणंद, तिघं एकत्र बसा आणि मग उघडा. एकट्याने हात लावू नकोस. तुझा धंदा असा आहे, लोक म्हणतील यानेच आतला कागद बदलला."

बघा, केवढी हुशार बाई. माझं डोकं तिच्यावर गेलंय असं लोक म्हणतात.

पुतण्या म्हणजे तिच्या दिराचा मुलगा. हेच ते बंधुराज. माणूस वाईट नाही, पण फार गोड बोलतो, आणि एवढं गोड कोणी उगाच बोलत नाही असं माझं मत आहे. तर आत्या पुढे दोन वर्षांनी गेली. तेराव्या दिवसानंतर, की त्याच्याही नंतर, मी फोन केला, बंधुराज, पेटी उघडायची. "अरे दादा, घाई काय आहे? तुला कोण खालून उठवतंय?" झालं! मला संशय आला. मी उठण्याचा विषय काढलाच नव्हता, तर याच्या तोंडात तो आला कुठून? मग ठरलं, नणंदबाई येतील तेव्हा उघडू. नणंदबाई लांब राहतात. त्या म्हणाल्या, गुडघ्याचं ऑपरेशन झालं की येते. एका गुडघ्याचं झालं. मग म्हणाल्या, दुसऱ्याचंही उरकूनच येते, उगीच दोन फेऱ्या कशाला. रविवार ठरवला तर बंधुराजांना जमेना, सुट्टी ठरवली तर नणंदबाईंना जमेना, आणि दोघांना एकदम जमलं तेव्हा मलाच शंका आली, की या दोघांना एकाच दिवशी कसं काय जमलं? आपसात बोलले असणार! मी म्हटलं, मला नाही जमत.

अशी चार वर्षं.

पाचव्या वर्षी तर कहर झाला. बंधुराजांचा फोन. "दादा, त्या पेटीची किल्ली कुठे ठेवलीय ते आठवत नाहीये. तू एक डुप्लिकेट करून ठेव ना. तुला काय, आठ मिनिटांचं काम."

आठ मिनिटं! त्या कुलपाला तीन पुरतात. पण सापळा बघा, सापळा! मी किल्ली करायची, आणि उद्या हाच माणूस सांगणार, याच्याकडे किल्ली होती, पेटीही याच्याकडेच होती, आता आणखी काय पाहिजे? मी साफ सांगितलं, मी त्या पेटीच्या वाटेला जाणार नाही, तू शोध. तो शोधतोय, शोधतोय, आणि मी पेटी दुकानात पायाशी ठेवून रोज तिच्याकडे बघतोय. बायको म्हणायची, "अहो, एवढं जगाचं उघडून देता, हे एकदा उघडून मोकळे व्हा." मला तिचाही थोडा संशय आला, खोटं कशाला बोलू.

नऊ वर्षं. तुम्हाला सांगतो, नऊ वर्षं मी पायाशी पेटी घेऊन बसलो, आणि मग बंधुराजांना, सासरचा वारस मीच म्हणत, घर विकायचं सुचलं. गिऱ्हाईक बघायला आलं, शटरपाशी उभं राहून माझ्या भिंतीला टेप लावायला लागलं, माझ्या देखत, मला सांगतंय जरा ते स्टूल बाजूला घ्या. आणि गंमत बघा, घर विकायचं ठरल्यावर चार दिवसांत किल्ली सापडली! कुठे? त्याच्या टेबलावरच्या पेन ठेवायच्या भांड्यात. नऊ वर्षं त्यातून तो पेन काढत होता.

मग बसलो तिघं. मी म्हटलं, मी हात लावणार नाही. बंधुराजांनी मांजरपाट धरलं आणि टराटरा फाडलं, कुलूप उघडलं, आत एकच कागद. खाली आत्याची सही, साक्षीदार दोन, एक डॉक्टर आणि एक हे आपले काका. वरचं घर बंधुराजांना, दागिने नणंदबाईंना, आणि खालची रस्त्याकडची खोली, आतल्या स्टुलासकट, भाच्याला. बंधुराजांनी कागद पुन्हा वाचला, आणि मग ते म्हणाले, "दादा, हे कोर्टात सिद्ध करावं लागेल हं."

सिद्ध करा! तिथून हे सुरू झालं.

माझ्या वकीलबाई चांगल्या आहेत, फी एकदाच सांगतात, त्यामुळे पहिले सहा महिने मला त्यांचा संशय होता. त्यांनी कागद पाहिला आणि पहिला प्रश्न काय विचारला असेल? सांगा बघू. बरोबर. उशीर का झाला? म्हणाल्या, "उशीर झाला म्हणून मृत्युपत्र खोटं ठरत नाही. पण उशिराचं कारण कोर्टाला पटलं पाहिजे. नाही पटलं, की कागदातल्या प्रत्येक अक्षराकडे संशयाने बघतात." मी म्हटलं, बाई, संशयाचं मला सांगू नका, त्यात माझी हयात गेली. त्या म्हणाल्या, "तो तुम्ही इतरांवर घ्यायचात. आता इतर तुमच्यावर घेणार."

आणि घेतला की! डॉक्टर साक्षीदार, सही ठसठशीत, पण डॉक्टर चौथ्या वर्षीच गेले. वेळेवर उघडली असती पेटी, तर ताठ उभे राहून बोलले असते. ज्याने कागद टाइप केला त्याचं दुकान गेलं, तिथे आता मोबाइलची कव्हरं मिळतात, मी जाऊन विचारलं तर तो पोरगेला मालक म्हणतो, काका, टाइपरायटरचं कव्हर नाही ठेवत. राहता राहिले शिंपीकाका. ते जिवंत, पण ते कोणत्या वर्षात आहेत हे दिवसावर अवलंबून.

त्यात कागदाच्या शेवटी आत्याने एक ओळ लिहून ठेवलेली. ऐका हं. "माझा भाचा शंकेखोर आहे. ही पेटी उघडायला तो वर्षानुवर्षं लावील. तो उशीर त्याच्या अंगावर घालू नये."

आता तुम्हाला वाटेल, वा, सुटलो. मलाही वाटलं. समोरचा वकील मात्र ती ओळ वाचून असा फुलला म्हणता! उभा राहून म्हणतो कसा, "उशीर व्हायच्या आधीच उशिराचा खुलासा? आजारी पडायच्या आधी कोणी रजेचा अर्ज लिहून ठेवतो का?" कोर्टातले तीन कारकून एकदम खाली बघायला लागले. "बाईसाहेब, ही ओळच सांगते की हा कागद उशीर झाल्यावर लिहिलेला आहे. पेटी कोणाकडे होती? यांच्याकडे. यांचा धंदा काय? कुलपं उघडणं. हे कुलूप उघडायला किती वेळ लागतो तुम्हाला?" मी शपथेवर होतो. मी म्हटलं, तीन मिनिटं. "तीन मिनिटं! आणि नऊ वर्षं उघडलं नाहीत? बोला, उशीर का झाला?"

म्हणजे मी उघडलं नाही हाच माझा गुन्हा, आणि उघडलं असतं तर तोही माझाच. आणि खरं सांगू का, तो बोलत असताना मलाही क्षणभर वाटलं, की हा माणूस म्हणतोय त्यात काहीतरी आहे. मलाच माझा संशय आला.

मग काकांची साक्ष. मी रात्रभर जप केल्यासारखा म्हणत होतो, आठवू दे, आठवू दे. वकीलबाईंनी कागद त्यांच्यापुढे धरला. "काका, ही सही कोणाची?" काका म्हणाले, "माझ्यासारखी आहे." "तुम्ही केव्हा केलीत?" "कशावर?" वकीलबाई तिथल्या तिथे दोन वर्षांनी म्हाताऱ्या झाल्या. "या मृत्युपत्रावर, काका. आत्याबाईंच्या." "आत्याबाई बऱ्या आहेत ना?" समोरचा वकील खाली बसला, त्याला आता काही करायचंच उरलं नव्हतं.

तेवढ्यात मी पुढे होऊन वकीलबाईंच्या हातात पिशवी दिली. त्या पिशवीत होतं ते फाडलेलं मांजरपाट. कशाला ठेवलं होतं? अहो, फाडलं बंधुराजांनी हे दाखवायला! उद्या म्हणायला नकोत मी फाडलं. वकीलबाई तीन वर्षं म्हणत होत्या, ही चिंध्यांची पिशवी घरी ठेवून या. पण त्या दिवशी त्यांच्याकडेही दुसरं काही नव्हतं, त्यांनी ते कापड काकांना दिलं.

काकांनी चष्मा वर सारला, कापड उलटं केलं, शिवणीवरून अंगठा फिरवला, आणि भडकले. "हे फाडलं कोणी? घरात कात्री नव्हती?" बंधुराज छताकडे बघायला लागले. काका म्हणाले, "शिवण माझी. दर चौथा टाका उलटा. माझे वडील घालायचे, आणि या गावात माझ्याशिवाय कोणी घालत नाही, वेळ जातो त्यात." आणि अंगठा फिरवता फिरवता एका जागी थांबला. तिथे एक तपकिरी डाग होता. "हे माझं रक्त. दाभण मोडलं आणि बोटात गेलं. डॉक्टर म्हणाले, सही करायला बोलावलंत आणि फुकट पट्टी बांधून घेताय. आत्याबाई हसल्या. आधी त्यांनी सही केली आमच्यासमोर, मग डॉक्टरांनी, मग मी. मग कागद पेटीत ठेवला, कुलूप लावलं, आणि मी शिवायला घेतलं. म्हणाल्या, शिंपीदादा, असं शिवा की माझ्या भाच्याला उसवता येणार नाही."



समोरचा वकील उठला. "पण उसवून पुन्हा शिवता येतं ना?" काका म्हणाले, "येतं की. मग जुन्या भोकांशेजारी नवी भोकं पडतात. दाखवा मला." त्याने कापड घेतलं, उजेडात धरलं, परत दिलं. "यांनी तुमचा टाका शिकून घेतला असेल?" काकांनी माझ्याकडे बघितलं. "याने? याच्या शर्टाची बटणं तीस वर्षं मी लावतोय. आजसुद्धा खालून दुसरं सुटलंय बघा." सगळ्या कोर्टाने माझ्या पोटाकडे बघितलं. सुटलं होतं. आयुष्यात पहिल्यांदा मला काही येत नाही याचा उपयोग झाला, तोही मलाच.

पण गोष्ट तिथे संपली नाही. न्यायाधीशबाईंनी मला पुन्हा उभं केलं. आवाज अगदी साधा. "पेटी उघडली गेली नव्हती, हे समजलं. गुडघे समजले, किल्ली समजली. पण नऊ वर्षांत तुम्ही स्वतः एकदा तरी दोघांना हाताला धरून बसवलंत का? तुम्हाला उशीर का झाला?"

नेहमीची सगळी कारणं माझ्या तोंडात तयार होती. बंधुराज, नणंदबाई, सापळा. आणि मी तोंड उघडलं तर भलतंच बाहेर आलं. मी म्हटलं, बाईसाहेब, मला वाटत होतं आत माझं नाव नसेल. ती मला सव्वीस वर्षं, म्हणजे ती होती तोवरची चौदा, उगाच बसू देत होती, मी तिचा कोण, शाळा सोडलेला भाचा. पेटी बंद होती तोवर खोली माझी होती. उघडली असती आणि नाव नसतं, तर खोलीचं मी बघून घेतलं असतं, दुसरीकडे शटर मिळतं, पण ती दुपारी त्या स्टुलावर येऊन बसायची ते काय म्हणून बसायची, हे मला नंतर कोणाला विचारता आलं असतं? सगळ्यांवर घेत होतो मी संशय, पण खरा होता तो तिच्यावर. जिने मला आधी चहा पिऊन दाखवला तिच्यावर.

न्यायाधीशबाईंनी ते लिहून घेतलं. मग म्हणाल्या, निकाल राखून ठेवते.

तो निकाल आज. आज सकाळी! मी आत उभा राहू शकलो नाही हो, काकांना चक्कर येतेय असं सांगून बाहेर आलो, काका बिचारे ठणठणीत होते. मग वकीलबाई आल्या, हातात हे पाकीट दिलं, निकालाची प्रत, आणि बोलायला तोंड उघडलं तर मी म्हटलं, थांबा, सांगू नका. त्या हसल्या आणि दुसऱ्या कोर्टात पळाल्या. आता हसल्या म्हणजे काय? वकील जिंकल्यावर हसतात, हरल्यावर तर जास्तच हसतात. साडेअकराला दिलं पाकीट. आता किती वाजले? पावणेचार. हो, बंदच आहे अजून. डिंक लावलाय फक्त, माझ्यासारख्याला अर्धं मिनिट.

थांबा, ते बघा, जिन्यावरून. बंधुराज. उठू नका, उगीच वाटेल आपण त्यांच्याबद्दल बोलतोय. आले, आले... हां, नमस्कार बंधुराज. काय?

ऐकलंत? अभिनंदन म्हणाला! हातात हात घेऊन म्हणाला, "अभिनंदन, दादा," आणि तळहाताला घाम होता. आता तुम्हीच सांगा, समोरचा माणूस अभिनंदन करतो तेव्हा काय समजायचं? एक तर मी जिंकलो, नाहीतर तो अपिलात जाणार, नाहीतर दोन्ही. फोडा म्हणता? नको, तुमची माझी ओळख काय! आणि मी एकट्याने उघडलं तर उद्या कोणी म्हणेल आतला कागद बदलला. काका... अहो काका, जागे व्हा, पाकीट उघडायचंय, तुम्ही समोर पाहिजेत. आज नको म्हणता, चष्मा घरी राहिला? बरं. मग बायकोला बोलावतो, बंधुराजांना फोन करतो, नणंदबाईंचेही आता दोन्ही गुडघे नवे आहेत, सगळे एकदमच बसू. रविवारी जमतंय का बघतो.

विचारतील, उशीर का झाला म्हणून. विचारू देत, आत्याने लिहूनच ठेवलंय.